मदत हवी आहे: ही पिवळी अळंबी शॅन्टरेलच आहे का?

नमस्कार मंडळी. काल मुळशीकडे मामांच्या शेतामागच्या रानात अंड्याच्या बलकासारखी पिवळी अळंबी सापडली. आई म्हणते, "धुऊन कांद्यावर परत." मी ती कागदात गुंडाळून फ्रिजमध्ये ठेवलीय, कुणाला हात लावू देत नाहीये.

मला ती शॅन्टरेल, म्हणजे खाण्याजोगी रानअळंबी, वाटतेय. आकार नरसाळ्यासारखा, कडा नागमोडी. छत्रीखाली सुटे पापुद्रे नाहीत. बोथट, फाटे फुटलेल्या घड्या थेट देठावर उतरल्यात, नखाने खरवडल्या तरी सुटत नाहीत. उभी चिरली तर आतून पांढरट. जर्दाळूसारखा वास येतो म्हणतात, मला पुसटसा आला. पण ऑम्फॅलोटस ही विषारी नारिंगी अळंबीही अशीच दिसते. तिचे पापुद्रे पातळ, धारदार असतात आणि ती लाकडावर झुपक्याने येते. आमची मातीत होती, पण खाली कुजकं मूळ असेल तर?

पुण्यात प्रत्यक्ष बघून सांगणारं कुणी आहे का? आघारकर संशोधन संस्थेत बुरशीवर काम चालतं. तिथे कुणी नमुना नेलाय का? कसा न्यायचा? नुसत्या फोटोवरून "खा बिनधास्त" असं कृपया सांगू नका, घरात सहा वर्षांची मुलगी आहे.