ताती संपला, आता कोण? जुन्या फ्रेंच पिक्चरमधला विनोदी नट सुचवा

निशाचर७७:
मंडळी, झाक तातीचे सगळे पिक्चर बघून झाले, 'मों ओंकल' तर तीनदा, आईसोबत बघतो आणि तिला सबटायटल्स वाचायचा कंटाळा म्हणून कमी बोलणारा माणूस हवाय. लुई द फ्युनेस नको, त्याच्या आरड्याओरड्याने तिचं डोकं उठतं. त्याच काळातलं, फारसं माहीत नसलेलं कोणी आहे का?

खुर्ची_मोडकी:
पिएर एतेक्स. डोळे झाकून बघ (म्हणजे उघडे ठेवून). 'मों ओंकल'च्या वेळी हाच तातीच्या हाताखाली होता, गॅग्जची स्केचेस करायचा, पोस्टरही यानेच काढलंय. 'योयो' (१९६५) पासून सुरू कर, सुरुवातीचा मोठा भाग मूकपटासारखा आहे, अवाढव्य बंगला, कंटाळलेला शेठ, संवाद नाहीत पण दारांची करकर मात्र नीट ऐकू येते, मी त्या करकरीलाच हसत सुटलो.

गवती_चहा:
एतेक्सला +१, पण योयो आधी नको रे, मधे जरा रेंगाळतो. आधी 'रुप्त्यूर' (१९६१), दहा-बारा मिनिटांची आहे. प्रेयसीचं ब्रेकअपचं पत्र येतं, हा उत्तर लिहायला बसतो आणि टाक, शाई, तिकीट, टेबल, एकेक वस्तू त्याच्यावर उलटते. चेहरा मात्र ढिम्म! मग लग्नाच्या वाढदिवसाची शॉर्टफिल्म, बायको जेवायला ताटकळत बसलीये आणि हा पॅरिसच्या ट्रॅफिकमध्ये, त्या फिल्मला १९६३ चं ऑस्कर मिळालंय.

निशाचर७७:
ऑस्कर मिळालेला माणूस आणि मी नावसुद्धा ऐकलं नाही??

खुर्ची_मोडकी:
ऐकणार कुठून, हक्कांच्या भांडणात पिक्चर वर्षानुवर्षं अडकलेले, २०१० च्या सुमारास सुटले. तोवर म्हातारा झाला बिचारा, २०१६ मध्ये गेला. आणि हो, त्याचा सहलेखक जाँ-क्लोद कारिएर, म्हणजे पीटर ब्रुकच्या 'महाभारता'चं नाटक लिहिणारा तोच!

गवती_चहा:
'ल ग्राँ आमूर' (१९६९) मधला पलंग विसरलात. स्वप्नात पलंगच मोटारीसारखा गावाबाहेरच्या रस्त्याने चाललाय, समोरून येणारेही पलंगच.

निशाचर७७:
काल रात्री रुप्त्यूर लावली. तिकिटाच्या सीनला आई म्हणाली, "अरे, याला कोणीतरी खळ द्या." योयो रविवारी.