कंबरेचा कॅनल स्टेनोसिस: एम४८.०६, एम४८.०६१ की एम४८.०६२?

टीपीए_डेस्क_जळगाव
नमस्कार मंडळी. एका ऑर्थो केसच्या प्री-ऑथमध्ये (विम्याच्या आगाऊ मंजुरीत) गोंधळले आहे. पेशंट साठीच्या पुढच्या बाई. एमआरआयमध्ये एल४-एल५ला (कंबरेचा चौथा-पाचवा मणका) सिव्हिअर कॅनल स्टेनोसिस, म्हणजे कण्याची नळी अरुंद झालेली, आणि एल५-एस१ला (पाचवा मणका आणि त्याखालचं त्रिकास्थी) मॉडरेट. सरांनी कागदावर फक्त ‘एलसीएस, प्लॅन डीकॉम्प्रेशन’ (लंबर म्हणजे कंबरेचा कॅनल स्टेनोसिस, दाब मोकळा करायचं ऑपरेशन) लिहिलंय. आयसीडी-१० या आजारांच्या यादीतला एम४८.०६ टाकला की विम्याचं पोर्टल कोड अवैध दाखवतं. यादीत ०६१ आणि ०६२ असे दोन दिसतात. बाई सांगतात, “थोडं चालनं का पाय भरी येतस, बसनं का बरं वाटस.” एवढ्यावर ०६२ टाकला तर चालेल का? एल५-एस१चं काय करायचं? आणि कंबरदुखी, पायाची कळ यांचे कोडही सोबत द्यायचे का?

कोडर_धुळे
ताई, आधी पोर्टल कोणती यादी वापरतं ते बघा. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये एम४८.० म्हणजे स्पायनल स्टेनोसिस आणि पुढचा अंक जागेचा, त्यामुळे तिथे एम४८.०६ पूर्ण कोड आहे. अमेरिकेच्या सीएम आवृत्तीत १ ऑक्टोबर २०१७ पासून तो फोडला: ०६१ म्हणजे न्यूरोजेनिक क्लॉडिकेशनशिवाय (नसांवरच्या दाबामुळे चालताना पाय भरून येणं), ०६२ म्हणजे त्यासह. तुमचं पोर्टल सीएमवर चालतंय, म्हणून पाच अक्षरी कोड घेत नाही.

आता मुख्य मुद्दा. सहावा अंक एमआरआयवरून ठरत नाही. फिल्ममध्ये कॅनल किती अरुंद झालाय ते दिसतं, क्लॉडिकेशन दिसत नाही. ते लक्षण आहे आणि डॉक्टरांच्या नोंदीतूनच यायला हवं. रिपोर्टमधल्या ‘सिव्हिअर’ या शब्दावरून ०६२ लावणं चूक, आणि बाईंच्या तोंडच्या वाक्यावरून आपण लावणं तेवढंच चूक. नोंदीत काहीच नसेल तर सीएमप्रमाणे ०६१ लागतो, कारण ‘लंबर स्टेनोसिस, अधिक तपशील नाही’ हे त्याच्याखालीच येतं. पण इथे तक्रार इतकी स्पष्ट आहे की सरांना विचारल्याशिवाय ०६१वर थांबू नका.

विचारताना “न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन लिहून द्या” असं म्हणायचं नाही. “चालताना पाय भरून येतात, बसल्यावर बरं वाटतं अशी तक्रार आहे, याचं कारण नोंदवाल का: न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन, रक्तवाहिन्यांचं क्लॉडिकेशन, दुसरं काही, की सांगता येत नाही?” असे पर्याय द्या. उत्तर तारीख-सहीसह केसपेपरवर हवं. फोनवरचं “हो हो, टाका” क्लेममध्ये टिकत नाही.

एल५-एस१ लंबरमध्ये धरू नका. तो लंबोसॅक्रल, एम४८.०७, आणि त्याला सहावा अंक नाही, एम४८.०७१ असा कोडच नाही. सरांनी दोन्ही पातळ्या निदानात लिहिल्या तर दोन्ही कोड द्या. ज्या पातळीवर ऑपरेशन, तो पहिला.

कंबरदुखी स्टेनोसिसचाच भाग आहे, तिचा वेगळा कोड नको. शिवाय नुसता एम५४.५ सीएममध्ये १ ऑक्टोबर २०२१ पासून चालतही नाही. पायाच्या कळीला सरांनी रॅडिक्युलोपथी (नसेच्या मुळाचा त्रास) म्हटलं असेल तर एम५४.१६ जोडता येतो. मात्र ती डिस्कमुळे आहे असं लिहिलं, तर एम५१.१६ द्या, मग एम५४.१६ काढा, ते दोन एकत्र चालत नाहीत.

स्पाइन_ओपीडी
वरच्या उत्तराला जोडून. ‘क्लॉडिकेशन’ एवढाच शब्द दिसला की काही जण आय७३.९ लावतात. तो पायाच्या रक्तवाहिन्यांच्या आजाराचा कोड आहे, इथे तो लागला तर निदान एक आणि ऑपरेशन भलतंच असं दिसतं. रक्तवाहिन्यांच्या त्रासात पेशंट नुसता उभा राहिला तरी पोटरीची कळ थांबते आणि पायाची नाडी क्षीण लागते. कॅनलच्या त्रासात उभं राहून भागत नाही, बसावं किंवा पुढे वाकावं लागतं. म्हणूनच असे पेशंट सायकल आरामात चालवतात. डॉक्टरांनी ‘किती चालल्यावर, कशाने आराम, नाडी कशी’ या तीन गोष्टींसोबत क्लॉडिकेशन कोणतं तेही लिहिलं की क्वेरीची, म्हणजे त्यांना लेखी विचारण्याची, गरजच उरत नाही.

लघवी-संडासवरचा ताबा गेल्याची नोंद असेल तर थांबा, कॉडा इक्वायना (कण्याच्या खालच्या टोकाचा नसांचा जुडगा) दबल्याचं लिहिलंय का बघा. तो जी८३.४, वेगळा कोड. आणि ही तातडीची केस, तेव्हा प्री-ऑथही तातडीचंच पाठवायचं.

टीपीए_डेस्क_जळगाव
सर, मॅडम, आभार. क्वेरी लगेच पाठवते. क्लेम फॉर्मच्या भाग ‘ब’मध्ये प्रोसिजरचा पीसीएस कोडही (ऑपरेशनच्या कोडांची वेगळी यादी) मागतात. लॅमिनेक्टॉमी म्हणजे हाड काढलं, म्हणून एक्सिजन (कापून काढणं) धरायचं का?

कोडर_धुळे
नाही. हाड काढलं ते नसांपर्यंत पोहोचायला; उद्देश दाब मोकळा करण्याचा, म्हणून रिलीज (मोकळं करणं). ऑपरेशन नोटमध्ये मोकळं काय केलं ते वाचा. नर्व्ह रूट (नसेचं मूळ) असेल तर ०१एनबी०झेडझेड, थीकल सॅक (नसांभोवतीची पिशवी) किंवा कॉडा इक्वायना असेल तर ००एनवाय०झेडझेड. दोन्ही स्पष्ट लिहिलं असेल तर दोन्ही. पीसीएसमध्ये कॉडा इक्वायना लंबर स्पायनल कॉर्डखालीच (कंबरेचा मज्जारज्जू) धरतात, त्यामुळे “तिथे कॉर्ड नसतेच” म्हणून अडू नका. झेडझेडच्या आधीचं शून्य ओपन पद्धतीचं आहे, इंग्रजी ओ टाइप केलात तर कोड परत येईल.

प्री-ऑथ पाठवण्याआधी पॉलिसीची सुरुवातीची तारीखही बघून घ्या. कण्याच्या आजारांना बऱ्याच पॉलिसींत प्रतीक्षा काळ असतो. आरोग्य संजीवनी या प्रमाणित पॉलिसीत २४ महिने, अपघात सोडून. तो पूर्ण झाला नसेल तर नातेवाइकांना आजच सांगा, म्हणजे ते पैशांची दुसरी सोय बघतील. कोड बदलून ती अट टळत नाही. एमआरआय क्लेमसोबत जातोच.