मिस्टर फ्रीझसारखी बॉस फाइट दुसऱ्या कुठल्या सुपरहिरो गेममध्ये आहे का?

रात्रपाळी

बॉस फाइट, म्हणजे गेममधल्या मोठ्या व्हिलनशी होणारी लढत, यावर प्रश्न आहे. जरा लांबलाय, चहा घेऊन बसा.

मी चाकणला सीएनसी मशीनवर आहे. सेकंड शिफ्ट सुटून घरी पोचायला साडेबारा, जेवण उरकेपर्यंत एक. मग तासभर गेम. धाकटी बहीण सीएच्या अभ्यासाला जागी असते, म्हणून हेडफोन लावून.

मागच्या महिन्यात 'स्पायडर-मॅन २' संपवला, २०२३ चा. लिझर्ड, क्रेव्हन, व्हेनम, सगळे दिसायला एक नंबर. पण आठवड्यानं कामावरच्या मित्रानं विचारलं, क्रेव्हनला कसं हरवलंस, तर मला सांगताच येईना. चुकवलं, वार अडवला, हाणलं. त्याची जिवाची पट्टी संपली, मध्ये थोडा सिनेमा झाला, परत हाणलं. एवढ्या मोठ्या शिकाऱ्याला मी हरवलं आणि लक्षात काय राहिलं, तर पट्टी.

चव बदलायला म्हणून बॅटमॅनचा जुना 'अर्कहॅम सिटी' काढला, २०११ चा. पोलिसांच्या पडक्या इमारतीत गोठवणारी बंदूक घेतलेला व्हिलन मिस्टर फ्रीझ समोर आला. ज्यांनी खेळलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. त्याच्याशी समोरासमोर भिडलात तर गोठून मेलात. लपूनच वार करायचा. मी आपला नेहमीचा रस्ता धरला, मागून दबकत गेलो आणि घातला एक रट्टा. खूश झालो. दुसऱ्यांदा तसाच मागून गेलो तर जमेचना. त्यानं ती वाट बंद केली होती. मग जमिनीतल्या जाळीखालून ओढला. पुढच्या वेळी बघतो तर जाळ्यांवर बर्फ. वरून झेप घेतली, ती एकदाच चालली. प्रत्येक युक्ती एकदाच! आणि मधल्या वेळात तो माझ्या पावलांची ऊब बघत माग काढतोय, म्हणजे एका कोपऱ्यात बसून विचार करायचीही सोय नाही.

बहीण पाणी प्यायला उठली होती, मागे उभी राहून बघत होती. तिला गेममधलं ओ की ठो कळत नाही. ती म्हणाली, "अरे, हा शिकतोय."

तेच तर! आतापर्यंत गेमनं मला दहा हत्यारं दिली होती आणि मी त्यातली तीनच वापरत होतो. या बाबानं सगळी पिशवी जमिनीवर ओतायला लावली. विद्युतचुंबकावर आरईसी (दुरून विजेचा झटका मारायचं हत्यार) मारून त्याला खेचता येतं हे मला त्या रात्री कळलं, आणि हा गेम मी कॉलेजात असताना दोनदा पूर्ण केलेला आहे.

तर प्रश्न असा, की समोरचा व्हिलन डोकं लावतोय असं वाटायला लावणारी फाइट अजून कुठे आहे? आणि असल्या फाइट जास्त का नसतात? सुपरहिरोवालेच गेम सांगा. अवघड फाइट म्हटलं की 'डार्क सोल्स' सुचवणाऱ्याला आधीच दंडवत, तो सुपरहिरोचा नाही.

गच्चीवरून

'अर्कहॅम ओरिजिन्स' खेळलायस का? २०१३ चा. 'सिटी' बनवणाऱ्या रॉकस्टेडी कंपनीनं नाही, डब्ल्यूबीच्या (वॉर्नर ब्रदर्स) मॉन्ट्रियलवाल्यांनी केलेला, म्हणून लोक त्याला सावत्र मुलासारखं वागवतात. त्यातला भाडोत्री मारेकरी डेथस्ट्रोक बघ. पेंग्विनच्या जहाजावर.

फ्रीझच्या बरोब्बर उलट. इथे लपायला काही नाही, पिशवीतलं फार काही चालत नाही. दोन माणसं आणि काउंटरचं, म्हणजे समोरच्याचा वार परतवायचं बटन. या गेमांमध्ये गुंडांना मारताना आपल्याला वाईट सवय लागते. डोक्यावर खूण दिसली की बटन, दिसली की बटन. बोट डोक्याआधी पळतं. डेथस्ट्रोक नेमकं तेच पकडतो. एक वार अडवला म्हणून तू पुढचा हल्ला करायला जातोस, तर त्याचा दुसरा वार आधीच सुटलेला असतो. घाई केलीस की मेलास. मी पहिल्या रात्री नऊ वेळा मेलो, दहाव्या वेळी कंट्रोलर मांडीवर ठेवून नुसता बघत बसलो, तेव्हा लय सापडली.

त्याच जहाजावर त्याच्या आधी इलेक्ट्रोक्युशनर येतो. काय ती एन्ट्री, काय त्या गप्पा, हातातून ठिणग्या उडतायत. आपण सावरून उभे राहतो, एक लाथ मारतो, आणि गडी आडवा. संपली फाइट! दिवाळीत सगळ्यात मोठा बॉम्ब पेटवावा आणि तो फुसका निघावा, तसं. मी पाच मिनिटं हसत होतो. पण लगेच पुढे डेथस्ट्रोक उभा केलाय, म्हणून ते हसूही कामाचं.

आता रडण्याची बाजू. हाच डेथस्ट्रोक २०१५ च्या 'अर्कहॅम नाइट'मध्ये परत आला आणि त्याला रणगाड्यात बसवला. आपण बॅटमोबिलमध्ये, तो रणगाड्यात, लपाछपी करत गोळे मारायचे. तेही त्याच गेममध्ये आधी झालेल्या रणगाड्याच्या फाइटचीच नक्कल. इतका भारी तलवारबाज आणि त्याला ड्रायव्हर करून टाकला. माती केली.

तिसरा_कप

मी थोडा वाद घालते हं.

तुम्ही दोघं एकट्या-एकट्या व्हिलनचं बोलताय. माझ्या मते अर्कहॅममधला खरा शत्रू म्हणजे ती बंदूकवाली टोळी. पहिल्या 'अर्कहॅम असायलम'मध्ये, २००९ च्या, मोठ्या बॉस फाइट बहुतेक एकाच साच्यातल्या आहेत. बेन असो नाहीतर टायटन (माणसाला राक्षस करणारं रसायन) पाजलेले ते सांड. ते धावून येतात, आपण बॅटरँग (बॅटमॅनचं फेकायचं हत्यार) मारून बाजूला व्हायचं, ते भिंतीला धडकतात, आपण पाठीवर चढायचं. शेवटी जोकरलाही तेच टायटन पाजून राक्षस केला. ज्या माणसाचं सगळं बळ जिभेत आहे, त्याला स्नायू! मला तेव्हाही पटलं नव्हतं, आजही नाही.

पण सहा बंदूकधाऱ्यांची एक खोली घ्या. तुम्ही वर गार्गॉइलवर, म्हणजे भिंतीतून बाहेर आलेल्या दगडी पुतळ्यावर, लटकलेले. डिटेक्टिव्ह मोडमध्ये प्रत्येकाची धडधड दिसते. आधी शांत. एक गायब झाला की अस्वस्थ. तीन गेले की उरलेले घाबरून सावलीवर गोळ्या झाडतात, एकमेकांना पाठ लावून फिरतात. आणि आपण सोकावलो की जोकर त्याच गार्गॉइलवर स्फोटकं लावून ठेवतो. गुंडांच्या गळ्यात पट्टे अडकवतो, एक पडला की पट्टा बोंबलतो आणि बाकीचे धावत येतात. रात्रपाळी, तुला व्हिलनचं डोकं बघायचंय ना? हे जोकरचंच डोकं आहे, फक्त तो स्वतः खोलीत नाही.

आणि भीतीचे भास घडवणारा स्केअरक्रो! त्याच्याशी तर मारामारीच नाही, नुसतं त्याच्या नजरेतून लपत पुढे जायचं. तिसऱ्या वेळी स्क्रीनवर रेघोट्या आल्या, चित्र अडकलं आणि गेम पहिल्यापासून सुरू झाला. मी दादाच्या कॉम्प्युटरवर खेळत होते, त्याला न विचारता. मला वाटलं ग्राफिक्स कार्ड उडालं. घाम फुटला. सरळ प्लग काढला आणि शहाण्यासारखी अभ्यासाला बसले. दोन दिवसांनी धीर करून परत लावलं, परत तीच जागा, परत रेघोट्या. या वेळी हात आवरला, तेव्हा दिसलं की सुरुवातीचाच प्रसंग उलटा केलाय. गाडी जोकर चालवतोय आणि मागे बॅटमॅन बांधलेला. तो बिघाड नव्हताच, गेमनं मुद्दाम केला होता. बॅटमॅनला किती भीती वाटली माहीत नाही, मला दादाची जास्त वाटली.

पूल_ओलांडून

स्पायडर-मॅनच्या बाजूनं कुणीच नाही? मग मीच येते.

मी जर्सी सिटीत राहते, नोकरीला मॅनहॅटनमध्ये. २०१८ च्या गेममध्ये मी आधी दोन तास नुसती गल्ल्या ओळखत फिरले, त्यामुळे माझं मत थोडं जपूनच घ्या.

फाइट म्हणून बघितलं तर रात्रपाळीचं खरं आहे. इलेक्ट्रो आणि व्हल्चर एकत्र हवेत भेटतात तेव्हा मजा येते, कारण जमिनीवर पायच ठेवायचा नसतो. स्कॉर्पियन-रायनोची जोडी म्हणजे लटकती खोकी रायनोच्या डोक्यावर ओढणे. (शेवटी त्या दोघांना एकाच कंटेनरमध्ये कोंडतो, ते मात्र झकास.) टास्कमास्टर आपल्याला आव्हानं देऊन आपल्या हालचाली टिपत असतो, तुझ्या प्रश्नाला तो थोडाफार चालेल.

पण डॉक्टर ऑक्टोपस. पुढे कथा फुटते, न खेळलेल्यांनी हा परिच्छेद सोडा. खेळाच्या सुरुवातीपासून आपण ओटो ऑक्टेव्हियसच्या प्रयोगशाळेत नोकरी करतो. त्या कृत्रिम हातांच्या सर्किटची कोडी आपणच सोडवतो, बटनं आपणच दाबतो. तेच चार हात शेवटी आपल्याला इमारतीच्या भिंतीवर ठोकतात. फाइटमध्ये विशेष डाव नाहीत, पण प्रत्येक हात आला की वाटतं, हा मी जोडून दिलाय. मारामारीच्या शेवटी कळतं की पीटरच स्पायडर-मॅन आहे हे सरांना आधीपासून माहीत होतं. मी 'सर' लिहिलं बघा. मनातल्या मनात मी त्याला सरच म्हणत होते. मार्टिन ली पण तसाच, मे काकू ज्या निवाऱ्यात काम करते तो त्याचाच. भला माणूस म्हणून ओळख होते आणि मग तो मिस्टर निगेटिव्ह निघतो.

तुला डोकं लावणारा शत्रू हवाय. मला ओळखीचा शत्रू जास्त लागतो.

सेमीकोलन

"असल्या फाइट जास्त का नसतात" यावर थोडं. गेम बनवत नाही, पण कोड लिहून पोट भरतो.

बहिणीला सांग, फ्रीझ काही शिकत नाही. त्याच्याकडे यादी आहे. तू जाळीतून मारलंस, जाळीपुढे फुली. वरून मारलंस, त्यापुढे फुली. एवढंच. पण त्या प्रत्येक फुलीसाठी कुणीतरी बसून वेगळी हालचाल, वेगळा संवाद, खोलीत वेगळी जागा करून ठेवलेली असते. खेळणारा त्यातलं अर्धं बघतच नाही. पट्टी मोठी करायला आकडा बदलला की झालं. हिशेब करणाऱ्याला काय परवडेल, तूच सांग.

शिवाय ही युक्ती दर व्हिलनला लावली तर तिची किंमत जाईल. फ्रीझ एकच आहे म्हणून तुझ्या लक्षात राहिला.

गच्चीवरून

@सेमीकोलन पटलं, पण मग रणगाडे तरी नकोत ना भाऊ.

@रात्रपाळी, 'सिटी'च न्यू गेम प्लसमध्ये खेळ, म्हणजे संपवलेला गेम मिळवलेल्या हत्यारांसह परत, पण जास्त अवघड. गुंडांच्या डोक्यावरची काउंटरची खूण दिसतच नाही. हात बघून ओळखायचं. आणि फ्रीझला जास्त वेळा पाडावं लागतं, म्हणजे जास्त युक्त्या.

रात्रपाळी

सगळ्यांचे आभार. तीन रात्री गेल्या, म्हणून उशीर.

सेमीकोलन, बहिणीला यादीचं सांगितलं. ती म्हणाली, "मग मी तरी काय करते? चुकलेल्या गणितापुढे फुली, परत ती चूक नाही." यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. आमचं मशीनही यादीवरच चालतं, पण ते माझ्या चुकीतून कधी सुधारलेलं बघितलं नाही. टूल तुटेपर्यंत तेच करतं.

तिसरा_कप, तुमचं वाचून 'असायलम' उघडला. बरोबर आहे. मी त्या खोल्या घाईघाईत उरकायचो, बॉस कधी येतो म्हणून. काल एकाच खोलीत पाऊण तास घालवला. शेवटचा गुंड इतका घाबरला होता की त्याला मारायला जीवावर आलं. मारला तरी.

पूलताई, डॉक्टर ऑक्टोपसचं मान्य. ती सर्किटची कोडी मला कंटाळवाणी वाटायची, सरळ वगळायचो. सेटिंगमध्ये तशी सोय आहे. म्हणून मला ते हात माझे वाटले नसणार.

न्यू गेम प्लसमध्ये फ्रीझपर्यंत पोचलो. सहा वेळा मेलो. एकदा सगळ्या युक्त्या संपल्या असं वाटून कंट्रोलर ठेवला, तर मागून आवाज, "त्या भिंतीला ते फुगणारं काही लावतोस ना, ते लाव की." स्फोटक जेल. बाई पुस्तकात डोकं घालून बसल्यासारखी दाखवते आणि सगळं बघत असते. लावलं. चाललं.

'ओरिजिन्स' उतरवायला टाकलाय, सकाळपर्यंत होईल. गच्चीवाले भाऊ, डेथस्ट्रोकसाठी नॉर्मलच ठेवू ना?

गच्चीवरून

हार्ड ठेव. आणि बहिणीला मागे बसव.