सुक्याबरोबर ओलंही जाळलं: थॉमस यूइंग, न्यायाधीश की नुसताच जनरल?

पिंपळपान
आठवडाभर एकच माणूस डोक्यात बसलाय म्हणून धागा काढतेय. थॉमस यूइंग ज्युनिअर, जन्म १८२९, अमेरिकेत ओहायोतलं लँकेस्टर. जॉर्जिया जाळत गेला तो जनरल शर्मन यूइंगांच्याच घरात वाढलेला, पुढे ह्याच्या बहिणीशी लग्न करून मेहुणाही झाला. यूइंग वकील. कॅन्सस राज्य झालं तेव्हा १८६१ साली तिथल्या सुप्रीम कोर्टाचा पहिला मुख्य न्यायाधीश, वय ३१! अमेरिकेत उत्तर-दक्षिण यादवी पेटलेली, पुढच्याच वर्षी खुर्ची सोडून उत्तरेच्या म्हणजे युनियनच्या बाजूने पलटण उभी केली, जनरल झाला, यादवी संपल्यावर परत वकिली आणि मग ओहायोतून अमेरिकेच्या संसदेत, काँग्रेसमध्ये, १८७७ ते ८१.

आता माझं दुखणं. २५ ऑगस्ट १८६३ ला ह्या माणसाने ऑर्डर नंबर ११ काढली. मिसुरी राज्याच्या कॅन्ससलगतच्या सीमेवरच्या जॅक्सन, कॅस, बेट्स आणि व्हर्ननच्या उत्तर भागातल्या लोकांनी, लष्करी ठाण्यांच्या मैलभर आतले सोडून, १५ दिवसांत घरदार सोडायचं. धान्य-वैरण ठाण्यावर आणून द्यायची, राहील ती जाळणार. अंदाजे २०,००० माणसं निघाली. ना सुनावणी ना पुरावा. आणि दोन वर्षंही झाली नव्हती तर हाच माणूस लिंकन खून खटल्यात आरोपींचा वकील म्हणून उभा राहून लष्करी आयोगाला विचारतो, सिव्हिलियन माणसांना तुम्ही कुठल्या कायद्याखाली उभं केलंत? मला हा शुद्ध दुटप्पीपणा वाटतो. बोला.

बुरुजावरून
ताई, ऑर्डरच्या आधीचे चार दिवस सोयीस्कर गाळलेत. २१ ऑगस्टच्या पहाटे दक्षिणेच्या बाजूच्या बंडखोर टोळ्यांचा म्होरक्या क्वांट्रिल चारेकशे घोडेस्वार घेऊन कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावात घुसला, दीडशेच्या वर पुरुष आणि मिसरूड न फुटलेली पोरं मारली, कित्येकांना बायकोसमोर, आणि गाव पेटवून परत मिसुरीत पसार. पसार कुठे? ह्याच तालुक्यांत. गनिमी कावा म्हणजे काय हे महाराष्ट्रात कुणाला शिकवायला नको, डोंगरातला माणूस खालच्या गावाच्या भाकरीवर लढतो, ती भाकरी तोडल्याशिवाय तो सापडत नाही. शिवाय कॅन्ससचा सेनेटर लेन जमाव घेऊन मिसुरीवर सूड उगवायला निघाला होता. यूइंगने लोकांना हलवलं नसतं तर त्या जमावाने कापलंच असतं. खुर्चीवर बसून दुटप्पी म्हणणं सोप्पंय हो.

पिंपळपान
चार दिवस गाळले म्हणता, मी अजून मागे जाते. १३ ऑगस्टला कॅन्सस सिटीत, यूइंगच्याच हद्दीत, बंडखोरांच्या बहिणी-बायकांना कोंडलेली इमारत कोसळली, निदान चार जणी मेल्या, त्यात क्वांट्रिलच्या टोळीतल्या 'ब्लडी बिल' अँडरसनची बहीण. १८ ऑगस्टला ऑर्डर नंबर १०, बंडखोरांच्या कुटुंबांना हाकला म्हणून. म्हणजे लॉरेन्स व्हायच्या तीन दिवस आधीच हाकलायचं ठरलेलं होतं, लॉरेन्समुळे फक्त बंडखोरांच्या घरच्यांच्या जागी सगळेच आले. युनियनशी इमान असलेल्यालाही घर सोडावं लागलं, त्याला फक्त इमान सिद्ध करून ठाण्याजवळ किंवा कॅन्ससमध्ये राहायची मुभा. सिद्ध कुणापुढे करायचं? तिथल्या लष्करी अधिकाऱ्यापुढे. एकेकाळचा मुख्य न्यायाधीश हे लिहितो!

तारीख_पे_तारीख
मी कोर्टातला माणूस, २० वर्षं फौजदारी करतोय, त्यामुळे 'दुटप्पी' वर थोडं बोलतो. वकीलपत्र घेतलं की अशिलाची बाजू मांडायची, त्यात स्वतःचा भूतकाळ आणायचा नसतो, नाहीतर आमच्यातल्या निम्म्यांना उभंच राहता येणार नाही 😄 १८६५ च्या त्या खटल्यात यूइंगकडे तीन आरोपी होते, लिंकनचा खुनी बूथ, त्याचा मोडलेला पाय बांधणारा डॉ. मड, सॅम्युअल अर्नोल्ड आणि नाटकगृहातला कामगार स्पँगलर. समोर नऊ लष्करी अधिकारी, वॉशिंग्टनमधली नेहमीची कोर्टं उघडी असताना. यूइंगने विचारलं की आरोप नेमका कुठल्या कायद्याखाली, तर सरकारी बाजूचं उत्तर काय, तर युद्धाचा रूढ कायदा. म्हणजे कलम विचारलं तर हवेत हात! चार जण फासावर गेले, मड एका मताने वाचून जन्मठेपेवर गेला, अर्नोल्डलाही जन्मठेप, स्पँगलरला सहा वर्षं. यूइंगचा एकही अशील फासावर गेला नाही, त्या वातावरणात हे साधं काम नव्हतं. आणि पुढच्याच वर्षी मिलिगन खटल्यात सुप्रीम कोर्टाने तेच म्हटलं, कोर्टं चालू असताना नागरिकांवर लष्करी खटला चालणार नाही. मला तर वाटतं ज्याने स्वतः तसल्या हुकुमावर सही केलीय त्यालाच कळतं की त्या सहीला थांबवणारं कुणी नसतं.

पिंपळपान
शेवटचं वाक्य सुंदर आहे वकीलसाहेब पण ते तुमचं, त्याचं नाही. तो तर ऑर्डरचं समर्थनच करत राहिला.

बुरुजावरून
करणारच, कारण चूक नव्हती. वरिष्ठ स्कोफिल्डने मान्य केली, लिंकननेही स्कोफिल्डला रोखलं नाही. आणि माणूस बाकी खमक्या होता हेही बघा. २७ सप्टेंबर १८६४ ला पायलट नॉबच्या किल्ल्यात दीडेक हजार माणसं घेऊन दक्षिणेचा जनरल प्राइस, त्याच्या कितीतरी मोठ्या सैन्याला दिवसभर थोपवलं, रात्री दारूगोळ्याचं कोठार उडवून दिलं आणि शत्रूच्या मधूनच निसटला.

पिंपळपान
आणि त्याच दिवशी त्याच मिसुरीत सेंट्रालियाला अँडरसनच्या टोळीने रेल्वेतून उतरवून वीसवर निःशस्त्र शिपाई मारले. भाकरी तोडून काय झालं? टोळ्या दुसऱ्या तालुक्यात गेल्या.

कॅन्सस_सिटीकर
इथे नऊ वर्षं राहतोय, तासाभराच्या अंतरावर हॅरिसनव्हिल आहे. तिथलं ह्या प्रकाराचं स्मारक म्हणजे एक दगडी धुराडं. पुतळा नाही, तलवार नाही. लाकडी घरं जळून गेली आणि मैलोनमैल धुराडी तेवढी उभी राहिली, त्या पट्ट्याला 'जळका मुलूख' हेच नाव पडलं. कॅस काउंटीत दहाएक हजार लोक होते, उरले सहाशेच्या आसपास. नंतरचा राष्ट्राध्यक्ष ट्रूमन, त्याची आई लहानपणी ह्याच ऑर्डरखाली घराबाहेर पडलेली. हिशेब लगेच विसरला जात नाही इथे.

अजून एक, बिंगहॅम नावाचा चित्रकार, तो स्वतः युनियनवाला, मिसुरी सरकारचा खजिनदार, बंडखोरांचा कुणी नाही. ती कोसळलेली इमारत त्याच्या बायकोच्या माहेरची. त्याने ह्या ऑर्डरचं चित्र काढलं, घोड्यावर यूइंग निवांत बसलाय, समोर म्हातारा ताठ उभा, बाई हात जोडतेय, मागे धूर आणि गाड्यांची रांग. बुरुजावरून साहेब, हा माणूस तुमच्याच बाजूचा होता हां.

तारीख_पे_तारीख
१८७९ ला यूइंग ओहायोच्या गव्हर्नरपदाला उभा राहिला तेव्हा तेच चित्र त्याच्याविरुद्ध फिरवलं गेलं असं वाचलंय. हरला. पण एक गोष्ट राहतेय. १८५८ ला कॅन्ससमध्ये गुलामीवाल्यांनी निवडणुकीत बोगस मतं घुसवली, त्या चौकशीत हा तरुण वकील पुढे होता. मतदानाचे कागद कुठे सापडले माहितीये? लेकॉम्प्टनला सरकारी ऑफिसबाहेर लाकडांच्या ढिगाखाली पुरलेल्या मेणबत्तीच्या खोक्यात. पुराव्याशिवाय न हलणारा माणूस होता हा.

पिंपळपान
अहो तेच तर म्हणतेय! मतांसाठी लाकडं उपसली आणि २०,००० माणसांसाठी एक कागद पुरला.

बुरुजावरून
लॉरेन्सच्या विधवांना विचारून या आणि मग लिहा.

पिंपळपान
कॅसच्या बायकांनाही विचारू मग, दोघींनाही.