सान सेरीफ: नकाशात नसलेल्या देशाची सात पाने

प्रश्न

ब्रिटनमधील ‘गार्डियन’ या दैनिकाने १ एप्रिल १९७७ रोजी, सान सेरीफ या हिंदी महासागरातील द्वीपराष्ट्राच्या स्वातंत्र्याला दहा वर्षे झाल्याचे निमित्त करून सात पानांची पुरवणी काढली होती. असा देश अस्तित्वातच नव्हता. एप्रिल फूलची चार ओळींची बातमी समजू शकते. परंतु शब्दाशब्दाला जपणाऱ्या दैनिकाने एका थापेसाठी एवढी मेहनत का घ्यावी, आणि फसलेल्या वाचकांनी राग धरण्याऐवजी तिचे कौतुक का करावे?

प्रतिसाद १

अपरिचित लहान देशांवर जाहिरातींच्या आधाराने विशेष पुरवण्या काढण्याची त्या काळी तिथल्या वृत्तपत्रांत रीतच होती. ‘फायनान्शियल टाइम्स’मधील अशा पुरवण्या पाहूनच ‘गार्डियन’च्या फिलिप डेव्हिस यांना सुचले की, कोणी नावही न ऐकलेल्या देशांवर एवढे छापले जाते, तर मग देशच नवा का घडवू नये? त्यामुळे अर्थव्यवस्था, राजकारण आणि पर्यटन यांवरचे त्या पुरवणीतील लेख, त्यांच्या गंभीर सुरासह, या रीतीचेच विडंबन होते. जाहिरातदारही त्यात सामील झाले आणि कोडॅकने तर सान सेरीफची छायाचित्रे कोणाकडे असल्यास ती पाहायला आवडतील, अशी जाहिरात दिली.

खरी गंमत नावांत आहे. दोन मुख्य बेटे मिळून अर्धविरामाचा आकार होतो. देशाचे नाव ‘सान्स सेरिफ’ (टोकांना शेपट्या नसलेले अक्षरवळण) यावरून, बेटांची नावे ‘अप्पर कैस’ आणि ‘लोअर कैस’ (इंग्रजीतील मोठी आणि लहान अक्षरे, ‘अप्पर केस’ व ‘लोअर केस’, यांवरून), राजधानी बोडोनी, सत्ताधीश जनरल पिका. छापखान्यात ज्याने अक्षरांचे खिळे जुळवले आहेत, त्याला पहिल्या परिच्छेदातच हसू फुटले असणार, कारण बोडोनी हा टंक (अक्षरवळण) आणि पिका हे मुद्रणातले माप त्याच्या रोजच्या हाताखालचे. जाता जाता, ‘शब्दाशब्दाला जपणारे’ हे विशेषण जरा जपून वापरावे. मुद्रणदोषांसाठी हे दैनिक एवढे प्रसिद्ध होते की ‘प्रायव्हेट आय’ या उपहासात्मक नियतकालिकाने ‘गार्डियन’ची अक्षरे उलटसुलट करून त्याचे नाव ‘ग्रॉनिअड’ ठेवले होते. त्यानेच मुद्रणावर विनोद करावा, हे मला विशेष आवडते.

प्रश्नकर्ता

खुलाशाबद्दल आभार. तरीही ज्यांना हे शब्द माहीत नव्हते, त्यांनी सहलीची चौकशी करण्यासाठी प्रवासी कंपन्यांना फोन केलेच ना? ही सामान्य वाचकाच्या अज्ञानाची थट्टा नव्हे काय?

प्रतिसाद २

थट्टा होतीच, पण तिची किल्ली वाचकाच्या हातात दिलेली होती आणि फसल्याने कोणाचे फारसे बिघडणार नव्हते. मूळ योजनेत ही बेटे कॅनरी बेटांच्या जवळ होती; परंतु २७ मार्चला त्यांपैकीच तेनेरीफ बेटाच्या विमानतळावर दोन जंबो विमानांची टक्कर होऊन ५८३ माणसे मरण पावली, तेव्हा ती ऐन वेळी हिंदी महासागरात हलवण्यात आली. थट्टा कोठे थांबवावी, याचे भान संपादकांना होते, असे मी यावरून मानतो.

याउलट ‘न्यूयॉर्क हेरल्ड’ने ९ नोव्हेंबर १८७४ रोजी सेंट्रल पार्कमधील प्राणिसंग्रहालयातून हिंस्र श्वापदे सुटल्याची आणि ४९ माणसे ठार झाल्याची लांबलचक बातमी छापली. ही सारी कल्पना आहे, हा खुलासा शेवटच्या परिच्छेदात होता. पण श्वापदे मोकाट सुटल्याचे वाचून ज्याने दाराला कडी घातली, तो तेवढ्या खाली जाईल कशाला? प्राणिसंग्रहालयातील ढिलाईकडे लक्ष वेधायचे होते, हे हेरल्डचे समर्थन मला पटत नाही. तेथे वाचकाला विनोदात सामील करून घेतलेलेच नव्हते.

प्रतिसाद ३

एक पुरवणी माहिती. संगणकशास्त्रज्ञ डोनाल्ड कनूथ आपल्या पुस्तकांतील चूक दाखवणाऱ्यास २ डॉलर ५६ सेंटचा धनादेश पाठवत असत. धनादेशांवरील खातेक्रमांकांमुळे फसवणुकीची भीती निर्माण झाल्यावर, २००८ पासून ते त्याऐवजी ‘बँक ऑफ सान सेरीफ’ची प्रमाणपत्रे देतात. अक्षरजुळणीसाठी ‘टेक’ ही प्रणाली घडवणाऱ्या माणसाने बँकेसाठी हाच देश निवडावा, यात मला तरी नवल वाटले नाही.