पिफोचे मनोरे उतरवून एचसीजेबीने काय कमावलं?

लघुलहरी
एचसीजेबी हे इक्वेडोरमधल्या क्विटोचं बिनव्यापारी ख्रिस्ती रेडिओ केंद्र. क्लॅरेन्स जोन्स आणि रूबेन लार्सन यांनी २५ डिसेंबर १९३१ ला ते सुरू केलं तेव्हा मेंढ्यांच्या गोठ्यातला दोनेकशे वॅटचा ट्रान्समीटर आणि दोन खांबांमध्ये ताणलेली तार, एवढाच संसार. अख्ख्या देशात रिसिव्हर बोटांवर मोजण्याइतके. पुढे शेजारच्या पिफोला लघुलहरी (शॉर्टवेव्ह) प्रक्षेपणाच्या मनोऱ्यांचं रान उभं राहिलं. संस्थेच्याच अभियंत्यांनी बांधलेला ५०० किलोवॅटचा ट्रान्समीटरही ऐंशीच्या दशकात तिथे चालू होता. २००९ मध्ये हे सगळं उतरवलं, कारण ताबाबेलाच्या नव्या विमानतळाच्या वाटेत मनोरे येत होते.
मनोरे दुसरीकडे नेता आले असते. परदेशी श्रोत्यांवर पाणी सोडून ८९.३ एफएमवर समाधान मानणं ही माझ्या मते घोडचूक आहे. "आता इंटरनेट आहे ना" एवढंच म्हणायचं असेल तर कृपया राहू द्या.

खांबावरचा
इंटरनेटचं नाव काढत नाही, हिशोब मांडतो. ६ मेगाहर्ट्झची लाट ५० मीटरची. पडदा-अँटेनात (मनोऱ्यांमध्ये पडद्यासारखी ताणलेली अँटेना) चार डायपोल (मधोमध जोडणी असलेल्या सरळ तारा) अर्ध्या लाटेच्या अंतराने एकावर एक बसवले आणि तळचा २५ मीटरवर ठेवला, तर वरचा १०० मीटरवर जातो. असे मनोरे, मधल्या तारा, ताण आणि पाये, सगळं डोंगराळ मुलखात नव्याने करायचं? तेही देणग्यांवर चालणाऱ्या संस्थेने?
शिवाय ५०० किलोवॅट म्हणजे नुसत्या वाहक लहरीसाठीच (आवाज चढवण्याआधीची कोरी लहर) पाऊण मेगावॅटहून जास्त वीज आत ओतायची. ३०० ओहमच्या उघड्या फीडरवर (ट्रान्समीटरपासून अँटेनापर्यंतच्या तारा) १२ हजार व्होल्ट आणि शंभर टक्के मॉड्युलेशनच्या (लहरीवर आवाज पूर्ण चढवल्याच्या) शिखरावर जवळपास ३५ हजार. त्या उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या पाऊणपट, म्हणजे ठिणगीही तितकी लवकर पडणार. इन्सुलेटरवर धूळ बसली आणि वर धुकं आलं की ट्रान्समीटर ट्रिप झालाच समजा.

लघुलहरी
विजेचं रडगाणं इथे लागू नाही. पापायाक्ताला त्यांचं स्वतःचं जलविद्युत केंद्र होतं. आणि विरळ हवेशी त्यांची ओळख काही ५०० किलोवॅटपासूनची नाही. क्युबिकल क्वाडचा (तारेच्या चौकोनी चौकटींची अँटेना) जन्मच त्या विरळ हवेशी झालेल्या भांडणातून झाला.

चौकटराजा
क्वाडचा विषय निघालाच आहे तर नीट सांगतो, कारण ही गोष्ट नेहमी अर्धवट सांगितली जाते.
क्विटोची उंची २,८५० मीटर. २५ मीटर बँडवर (लघुलहरींचा एक पट्टा) १० किलोवॅट सोडले की यागीसारख्या बीमच्या (एकाच दिशेला रोखलेली, आडव्या दांड्यांची अँटेना) टोकांना कोरोना पेटायचा (साथीशी संबंध नाही, हवेचं आयनीभवन). अर्ध्या लाटेच्या दांड्यात मध्यावर प्रवाह जास्त असतो आणि मोकळ्या टोकांवर व्होल्टेज. टोक जितकं अणकुचीदार तितकं तिथलं विद्युतक्षेत्र तीव्र. अॅल्युमिनियम वितळून गळायचं. टोकांना तांब्याचे पोकळ गोळे बसवून पाहिले, तेवढ्याने भागलं नाही. अभियंता क्लॅरेन्स मूर १९४२ मध्ये पोसोर्हाच्या किनाऱ्यावर सुट्टीला गेला तोच पुस्तकांचा गठ्ठा घेऊन, आणि तिथे त्याला सुचलं की फोल्डेड डायपोल (टोकं जोडून लांबट वेटोळं केलेला डायपोल) ओढून चौकोन केला तर मोकळं टोकच उरत नाही. पुढे त्याचं पेटंटही मिळालं.
म्हणजे व्होल्टेज नाहीसं झालं नाही, अणकुचीदार टोक नाहीसं झालं. "क्वाड म्हणजे यागीपेक्षा दुप्पट ताकद" ही मात्र भाकडकथा. एका चौकटीला डायपोलपेक्षा साधारण १ डेसिबल जास्त मिळतो (म्हणजे सव्वापट), बस.

माणगा
चौकटराजा यांना +१, पण एक राहिलं. चौकोन सरळ ठेवून खालच्या बाजूच्या मध्यावर फीड (ट्रान्समीटरची जोडणी) दिलं तर व्होल्टेजची शिखरं उभ्या बाजूंच्या मध्यावर येतात, तिथे तार हवेत मोकळी असते. तोच चौकोन कोपऱ्यावर उभा करून खालच्या टोकाला फीड दिलं, तर शिखरं डाव्या-उजव्या कोपऱ्यावर, नेमकी आधाराच्या काठीवर. कोकणात बांबूच्या काठ्या वापरणाऱ्या हौशी मंडळींचा पावसाळ्यात एसडब्ल्यूआर (अँटेनाकडून किती शक्ती परत फिरते त्याचं माप) भरकटतो, त्याचं हे एक कारण. बांबू ओला झाला की तिथे गळती.
१४.१५ मेगाहर्ट्झसाठी मापं: चालक चौकट (जिला फीड जोडतात ती) २१.६ मीटर तार, बाजू ५.४. परावर्तक (तिच्या मागची, लाट पुढे ढकलणारी चौकट) २२.२ मीटर, बाजू ५.५५. दोघांत अडीच ते तीन मीटर अंतर. केंद्रापासून कोपरा ३.९ मीटरवर, म्हणजे काठी चारच्या वर घ्या. पेरं भोकं पाडून कोरडी करा, मग व्हार्निशचे दोन हात.

खांबावरचा
क्वाडला दंडवत, पण मूळ मुद्दा बाजूला पडला. युरोपच्या दिशेने रोखलेला बीम खालच्या कोनात निघतो आणि पहिली उडी दोन-तीन हजार किलोमीटरवर उतरते. त्या ५०० किलोवॅटचा पिफोच्या पलीकडच्या डोंगरातल्या क्विचुआ (अँडीजमधली स्थानिक भाषा) बोलणाऱ्या शेतकऱ्याला काय उपयोग? तो तर नेमका सावलीत, लाट त्याच्या डोक्यावरून पुढे जाते. जे स्थानिक होतं ते ६०५० किलोहर्ट्झ, आणि ते २००९ नंतरही पिचिंचा डोंगरावरून स्पॅनिश आणि क्विचुआत चालू राहिलं. गेलं ते परदेशी दुकान.

लघुलहरी
मग ६०५० चंच बोलू. जवळच्या श्रोत्यासाठी लाट सरळ वर फेकावी लागते: २३.६ मीटरचा डायपोल, जमिनीपासून ८ ते १२ मीटरवर, म्हणजे जास्तीत जास्त पाव लाट. भर दुपारी विषुववृत्तावर डी-थर (वातावरणाच्या वरच्या आयनावरणाचा खालचा थर) ती गिळतो. उत्तररात्री त्याच्या वरच्या एफ-थराची क्रांतिक वारंवारता (सरळ वर फेकलेली लाट परत पाठवण्याची मर्यादा) ६ मेगाहर्ट्झच्या खाली गेली की लाट परत न येता सरळ अवकाशात. शेतकरी उठतो त्या पहाटेच्या वेळेला नेमकी बोंब.

खांबावरचा
म्हणूनच एफएम. शंभर वॅटच्या रिपीटरला (कार्यक्रम पकडून पुढे पाठवणारं छोटं केंद्र) साधारण २०० वॅट लागतात, दिवसाचे ४.८ युनिट. ऊन चार तास धरलं आणि तोटा मोजला तर पावणेदोन किलोवॅटची पॅनेल, आणि शिसे-आम्ल बॅटरी निम्मीच रिकामी करायची म्हटलं तर १२ व्होल्टच्या ८०० अँपिअर-तास.

लघुलहरी
आणि असे किती रिपीटर? अँडीजमध्ये एका डोंगराआड दुसरी दरी. एफएम वळत नाही, प्रत्येक दरीला वेगळी टेकडी, वेगळा परवाना, वर वीज पडून जळणारा वेगळा पॉवर अॅम्प्लिफायर. पहाटेसाठी ६०५० च्या जोडीला ३ मेगाहर्ट्झच्या आसपासची दुसरी वारंवारता लावली तर एकाच डोंगरावरून काम होतं.

माणगा
३ मेगाहर्ट्झला विषुववृत्तावरच्या गडगडाटाचा खरखराट ऐकलाय का कधी? १० किलोवॅट त्यात बुडतात.

लघुलहरी
संध्याकाळी बुडतात. पहाटे चारला वादळं बरीचशी विरलेली असतात.