मदत हवी आहे: बुद्धिबळपटू रोहिणी खाडिलकरांचे १९७६ ते १९८१चे डाव

१९७६ची पुरुषांची राष्ट्रीय स्पर्धा (रोहिणीताई तेव्हा जेमतेम १३ वर्षांच्या!) आणि १९८१ची हैदराबादची आशियाई महिला स्पर्धा, या दोन्हींतल्या त्यांच्या डावांच्या पूर्ण नोंदी कुणाकडे आहेत का? त्यांच्या बहिणी वासंती आणि जयश्री यांचे डाव असतील तर दुधात साखर. निकालपत्रकं नकोत, चाली हव्यात.

जुनी कात्रणं असतील तर टाइप न करता फोटोच टाका. चाली लिहिण्याच्या तेव्हाच्या वर्णनात्मक पद्धतीत पटावरची घरं प्रत्येक खेळाडू आपल्या बाजूने मोजतो. त्यामुळे ‘पी-के४’ (प्यादं राजाच्या उभ्या रांगेतल्या चौथ्या घरात) म्हणजे आजच्या पद्धतीत पांढऱ्याचं ई४, पण काळ्याचं ई५. उतरवताना इथेच घोळ होतो. नुसतं ‘प्याद्याने प्यादं मारलं’ असेल, तर पट मांडूनच ठरवावं लागतं.

अशा नोंदी आजच्या पद्धतीत आपोआप बदलून देणारं एखादं भरवशाचं सॉफ्टवेअर आहे का?